पेढी, पालिका, विधिमंडळ : व्यापारी पुढाऱ्याची कारकीर्द कागदांवरून कशी उभी करावी

बहुतेक तालुक्यांच्या गावी असा एक माणूस होऊन गेलेला असतो. बाजारपेठेत दुकान किंवा आडत (दुसऱ्याचा माल दलालीवर विकण्याचा धंदा), मग पालिकेत सभासद, पुढे नगराध्यक्ष आणि शेवटी आमदार. चौकाला त्याचे नाव असते, वाचनालयात तैलचित्र असते, जन्मशताब्दीला स्मरणिका निघते. स्मरणिकेत मात्र पदांची यादी आणि विशेषणे एवढाच ऐवज असतो. तो नगराध्यक्ष असताना जकातीचे दर चढले की उतरले, नळयोजनेचे कर्ज कोणत्या साली मंजूर झाले, सभागृहात त्याने पहिला प्रश्न कशावर विचारला, हे त्याच्याच गावाला ठाऊक नसते.

हे शोधता येते आणि शोधायला हवे. त्यासाठी तीन वह्या एकमेकींशेजारी ठेवायच्या : पेढीची, पालिकेची आणि विधिमंडळाची. एकच वही वाचली तर तो नुसता दुकानदार, नुसता नगराध्यक्ष किंवा नुसता आमदार दिसतो. तिन्हींतल्या तारखा जुळवल्या की कारकीर्द दिसू लागते. खालची रीत महाराष्ट्रातल्या गावांसाठी आहे आणि एखाद्या वाचनालयातली तीन-चार माणसे ती सहा-आठ महिन्यांत पार पाडू शकतात.

आधी पदनामांचा गुंता सोडवा

सर्वांत जास्त चुका इथे होतात, म्हणून कागद उघडण्याआधी हे पक्के करा. 'महापौर', 'नगराध्यक्ष', 'अध्यक्ष', 'आमदार' या शब्दांचे अर्थ साल आणि प्रदेश यांप्रमाणे बदलतात.

मुंबईचे उदाहरण घ्या. इब्राहिम रहिमतुल्ला (१८६२–१९४२) हे थोरल्या भावाबरोबर व्यापारात पडलेले गृहस्थ. १८९२ साली ते मुंबई महापालिकेत निवडून आले आणि १८९९ साली तिचे अध्यक्ष झाले. त्यांना 'मुंबईचे महापौर' म्हणणे चूक, कारण मुंबईत अध्यक्षाला महापौर ही पदवी १९३१ साली मिळाली. पुढे १९२३ पासून ते मुंबई कायदेकौन्सिलचे अध्यक्ष होते आणि १९३१ ते १९३३ या काळात दिल्लीच्या मध्यवर्ती विधानसभेचे अध्यक्ष. एका माणसाच्या आयुष्यात 'अध्यक्ष' हा शब्द तीन वेगळ्या खुर्च्यांसाठी येतो. जुन्या वर्तमानपत्रात नुसते 'अध्यक्ष रहिमतुल्ला' दिसले तर तारीख पाहिल्याशिवाय ती कोणती खुर्ची हे ठरवू नये.

कराचीचे जमशेद नसरवानजी मेहता (१८८६–१९५२) यांचेही तसेच. वडिलांच्या पेढीत काम करणारा हा व्यापारी १९२२ पासून कराची नगरपालिकेचा अध्यक्ष होता आणि १९३३ साली तिथला पहिला महापौर झाला. १९३७ साली ते सिंधच्या विधानसभेत गेले. कराची १९३६ पर्यंत मुंबई इलाख्यात होती, त्यामुळे त्यांच्या अध्यक्षपदाच्या काळातला सरकारी कागद शोधताना मुंबई सरकारचे राजपत्र विसरून चालत नाही. सीमा हलल्या की कागदाचा पत्ताही हलतो.

तुमच्या गावासाठी याच धर्तीवर चार गोष्टी पाहा.

पहिली, पालिका कोणत्या कायद्याखाली चालत होती. मुंबई इलाख्यात १९०१ चा जिल्हा नगरपालिका कायदा आणि मोठ्या गावांसाठी १९२५ चा बरो नगरपालिका कायदा होता. नागपूर-वऱ्हाडात १९२२ चा मध्यप्रांताचा कायदा होता. मराठवाड्यात निजामी राज्याची वेगळी व्यवस्था होती. १९६५ च्या महाराष्ट्र नगरपालिका कायद्याने हे सगळे एका छत्राखाली आले.

दुसरी, गावाची महानगरपालिका कधी झाली. पुण्याची १९५० साली, सोलापूरची १९६४ साली, कोल्हापूरची १९७२ साली, जळगावची २००३ साली, लातूरची २०११ साली. त्याआधीच्या माणसाला महापौर लिहिले तर पुढचा सगळा मजकूर संशयात येतो.

तिसरी, निवड कोणी केली. सरकारने नेमलेला अध्यक्ष, सभासदांनी निवडलेला अध्यक्ष आणि लोकांनी थेट निवडलेला नगराध्यक्ष यांच्या ताकदीत फार फरक असतो. थेट निवडीची पद्धत १९७४, २००१ आणि २०१६ साली आली आणि मध्ये मध्ये गेली. थेट निवडलेल्याला सभागृहात बहुमत नसू शकते. त्याचे ठराव का अडले, याचे उत्तर पुष्कळदा एवढ्यातच सापडते.

चौथी, तो कुठल्या सभागृहाचा आमदार होता. १९५२ च्या निवडणुकीत अमरावतीचा आमदार मध्य प्रदेशच्या विधानसभेत होता आणि ती नागपुरात भरत असे. लातूरचा आमदार हैदराबादच्या विधानसभेत होता. साताऱ्याचा मुंबई राज्याच्या. १९५७ साली तिघांचे मतदारसंघ द्विभाषिक मुंबई राज्यात आले. १९६० साली निवडणूक झालीच नाही. १९५७ साली निवडून आलेले आमदारच १ मे १९६० पासून महाराष्ट्राच्या विधानसभेचे सदस्य झाले आणि महाराष्ट्र राज्याची पहिली विधानसभा निवडणूक १९६२ साली झाली.

याच्या जोडीला विधान परिषद. महाराष्ट्राच्या परिषदेतल्या ७८ जागांपैकी २२ जागा स्थानिक प्राधिकारी संस्थांच्या आहेत आणि तिथे मतदार असतात नगरसेवक, जिल्हा परिषद सदस्य वगैरे. पालिकेतून वर गेलेला व्यापारी पुष्कळदा याच दाराने आत जातो. गावात त्याला 'आमदार' म्हणतात ते बरोबरच आहे, पण विधानसभेच्या निकालांत त्याचे नाव शोधत बसाल तर सापडणार नाही.

सनावळीचा तक्ता

मोठ्या कागदावर किंवा संगणकाच्या तक्त्यात सहा रकाने आखा : इसवी सन व तारीख, मूळ कागदातली मिती (म्हणजे पंचांगातली तारीख), पेढीत काय घडले, पालिकेत काय घडले, विधिमंडळात काय घडले, पुरावा. शेवटचा रकाना रिकामा असलेली ओळ लेखात घ्यायची नाही. 'असे सांगतात' हाही पुरावा धरता येतो, पण कोणी, कधी, कोणाला सांगितले ते त्याच रकान्यात लिहा.

मितीवरून तारीख काढताना गडबड होते ती अशी. शके असेल तर वर्षाच्या सुरुवातीपासून डिसेंबर अखेरपर्यंत ७८ मिळवायचे आणि जानेवारीपासून फाल्गुनापर्यंत ७९. गुजराती पेढ्यांचा संवत कार्तिकात बदलतो, त्यातून डिसेंबरपर्यंत ५७ आणि पुढे ५६ वजा करायचे. कार्तिक शुद्ध १ शके १८४४ आणि कार्तिक शुद्ध १ संवत १९७९ हा एकच दिवस, ऑक्टोबर १९२२ मधला दिवाळी पाडवा. मारवाडी पेढीत मात्र संवत चैत्रात बदललेला असू शकतो आणि महिना पौर्णिमेला संपत असेल तर वद्य पक्षाला आपल्यापेक्षा पुढच्या महिन्याचे नाव असते. आपला आश्विन वद्य तो त्यांचा कार्तिक वद्य. म्हणून वही उघडताच वहीपूजन कोणत्या दिवशी झाले ते पहिल्या पानावर पाहून ठेवा. निजामी मुलखातली फसली ही सरकारी कालगणना ऑक्टोबरात सुरू होते. फसली १३५७ म्हणजे ऑक्टोबर १९४७ ते ऑक्टोबर १९४८. अचूक दिवस हवा असेल तर जुने पंचांग किंवा जंत्री पाहावीच लागते. या बेरीज-वजाबाकीने फक्त वर्ष मिळते.

पेढीची वही वाचणे

घरच्यांकडे वह्या मागताना 'जुने कागद' असे म्हणू नका, ते रद्दीत गेलेले असतात. रोजकीर्द किंवा रोजमेळ (रोजच्या व्यवहारांची वही), खतावणी (खातेवार वही), हुंड्यांची (व्यापारी चिठ्ठ्यांची) नोंदवही, मालाच्या बिल्ट्या (वाहतुकीच्या पावत्या) आणि आयकराची पत्रे अशी नावे घेऊन विचारा. लाल कापडी पुठ्ठ्याच्या लांबट वह्या देवघराच्या वरच्या फळीवर किंवा दुकानाच्या माळ्यावर निघतात. उघडण्याआधी मऊ, कोरड्या ब्रशने धूळ काढा. थुंकी लावून पान उलटू नका. पान चिकटले असेल तर ओढू नका, तसेच राहू द्या. फोनने फोटो काढताना फ्लॅश बंद ठेवा, खिडकीच्या उजेडात वही सपाट धरा आणि दर पानाचे दोन फोटो घ्या : एक पूर्ण पानाचा, एक वरच्या मितीचा. मितीचा फोटो नसल्यामुळे नंतर सगळे पान निरुपयोगी ठरते, असे नेहमी होते.

विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंतच्या मराठी वह्या बहुधा मोडीत असतात. मोडीत शिरोरेघ आधी ओढतात, अक्षरे तिला लटकत जातात आणि शब्दांमध्ये जागा सुटत नाही. मोडी न येणाऱ्याने अंदाजाने वाचू नये. मोडीचे वर्ग अनेक शहरांत चालतात, जाणकार मिळतात. त्यांना सगळी वही देण्यापेक्षा हवी ती वीस पाने निवडून द्या. निवडीची खूण सोपी : निवडणुकीचे महिने, घरातली लग्ने, दुष्काळ किंवा साथीची वर्षे आणि 'म्युन्सिपालटी खाते' जिथे जिथे येते ती पाने. हा शब्द मोडीत ओळखायला आधी शिका, म्हणजे बाकीची चाळणी तुम्हीच करू शकाल.

आता एक ओळ जवळून पाहू. ही नमुन्याची आहे, पण अशा ओळी पेढ्यांच्या वह्यांत सर्रास असतात. डावीकडे जमा, उजवीकडे नावे (म्हणजे खर्च किंवा येणे). वर 'श्रीशिल्लक', म्हणजे मागची शिल्लक. नावेच्या बाजूला लिहिले आहे :

'म्युन्सिपालटी खाते, कंदिलांस घासलेट डबे २४ दर ४॥≡ प्रमाणे ११२॥'

उभी दांडी म्हणजे पाव, दोन दांड्या म्हणजे अर्धा, आणि पुढची प्रत्येक आडवी किंवा तिरपी रेघ म्हणजे एक आणा. तेव्हा ४॥≡ म्हणजे ४ रुपये ११ आणे. २४ डब्यांचे ११२ रुपये ८ आणे होतात आणि उजवीकडे ११२॥ आहे, म्हणजे वाचन बरोबर. अशी पडताळणी प्रत्येक ओळीला करा, कारण आण्याची एक रेघ पुसट झालेली सहज निसटते. रुपयाचे १६ आणे, आण्याच्या १२ पै. १ एप्रिल १९५७ पासून १०० नवे पैसे.

वजनांत चूक झाली तर ती तिप्पट होते. मुंबईचा मण २८ पौंडांचा, म्हणजे सुमारे १२.७ किलो. रेल्वे आणि सरकारी हिशेबातला बंगाली मण सुमारे ३७.३ किलोचा. खंडी साधारण २० मणांची, पण कापसाची खंडी ७८४ पौंडांची, म्हणजे ३५५.६ किलो. 'शेठजींनी दुष्काळात ५०० मण धान्य वाटले' हे वाक्य सुमारे सव्वासहा टनांचे आहे की साडेअठरा टनांचे, हे ठरवल्याशिवाय छापू नका.

त्या घासलेटाच्या ओळीकडे परत येऊ. हा माणूस त्या साली पालिकेचा सभासद असेल, तर आपण कारकिर्दीच्या सर्वांत नाजूक जागी आलो आहोत. पालिकेशी ठेक्यात हितसंबंध असणे ही नगरपालिका कायद्यांत अपात्रतेची बाब राहिली आहे. १९६५ च्या कायद्यात निवडून येण्याआधीची अपात्रता कलम १६ मध्ये आहे आणि पद धारण केल्यानंतरची कलम ४४ मध्ये. म्हणून त्या ओळीची मिती घ्या आणि त्याच महिन्याचे पालिकेचे प्रोसीडिंग (सभेचे इतिवृत्त) काढा. माल ठरावाने घेतला का, दरपत्रके किती आली, तो विषय निघाला तेव्हा हा सभेत हजर होता का, त्याने मत दिले का, हे पाहा. सभासद होण्याच्या वर्षीच 'म्युन्सिपालटी खाते' बंद झालेले दिसले, तर तीही तितकीच मोठी गोष्ट आहे आणि ती आवर्जून लिहा. ते खाते एकाएकी भावाच्या किंवा जावयाच्या दुकानाच्या नावाने सुरू झाले असेल, तर तेही लिहा. मात्र कागदावर आहे तेवढेच लिहा. त्यामागचा हेतू ठरवणे आपले काम नाही.

पेढीचे नाव फसवते. 'अमुकचंद तमुकचंद' हे दुकान आजोबा वारल्यावर ४० वर्षे त्याच नावाने चालते आणि नातवाचे नावही आजोबांचेच ठेवलेले असते. राजपत्रात, मतदार यादीत, बिलात हे नाव दिसले की वय विचारा : या तारखेला तो किती वर्षांचा होता? उत्तर १४ किंवा ९६ आले की माणूस दुसरा. भागीदारीच्या पेढीची नोंद १९३२ च्या कायद्याखाली निबंधकाकडे झालेली असेल तर भागीदार कधी आले, कधी गेले हे कळते. सावकारीही होती का हे वेगळे पाहा. मुंबई राज्यात १९४६ च्या कायद्याने सावकाराला परवाना लागू झाला. दुकानदार आणि सावकार यांना लोक वेगळ्या नजरेने पाहतात आणि ती नजर मतपेटीत उतरते.

पालिकेचे दप्तर

पालिकेत जाऊन 'शेठजींच्या काळातले सगळे द्या' असे म्हटले की नकार ठरलेला. आधी कालखंड आणि सभा ठरवा. नंतर मुख्याधिकाऱ्यांना साधे पत्र द्या. अभिलेख कक्षात बसून पाहू दिले तर उत्तमच. नाहीच जमले तर माहिती अधिकार. महाराष्ट्राच्या नियमांप्रमाणे अर्ज एकाच विषयाचा आणि १५० शब्दांच्या आत हवा. फी १० रुपये, नकलेला पानामागे २ रुपये, उत्तराची मुदत ३० दिवस. नकला मागण्यापेक्षा 'निरीक्षण' मागा. पहिल्या तासाला पैसे पडत नाहीत, पाने तुम्हीच निवडता आणि कर्मचाऱ्यावर नकला काढण्याचे ओझे पडत नाही. अर्ज असा लिहा : 'अमुक तारखेपासून अमुक तारखेपर्यंतच्या सर्वसाधारण सभांच्या इतिवृत्त नोंदवहीचे निरीक्षण.' तीन वर्षांची मुदत आणि महिन्याला एक सभा धरली तर ३६ सभा होतात. दोन माणसांना चार-पाच दिवस पुरतात. एकाने वाचावे, दुसऱ्याने लिहावे. एकट्याने दोन्ही केले की दुपारनंतर ठराव क्रमांक चुकू लागतात.

प्रत्येक ठरावाचे पाच तुकडे उतरवा : क्रमांक व तारीख, विषय, सूचक, अनुमोदक, निकाल. 'सर्वानुमते' असेल तर पुढे जा. 'बहुमताने' असेल तर थांबा आणि विरोधात कोण होते ते पाहा. वर्षभराचा विरोध एका पानावर मांडलात की गावातले गट डोळ्यांसमोर येतात : कापडवाले एका बाजूला, भुसार आणि आडतवाले दुसऱ्या, वकील मध्ये. कुठल्याही स्मरणिकेत हे नसते. तहकूब सभाही मोजा. गणपूर्ती नाही म्हणून ओळीने तीन सभा तहकूब झालेल्या दिसल्या की अध्यक्षाविरुद्ध हालचाल चालू होती असे समजून त्या महिन्यातली स्थानिक साप्ताहिके काढा.

व्यापारी नगराध्यक्ष असेल तर सर्वांत आधी जकात. पालिकेचे मुख्य उत्पन्न तेच होते आणि ती भरणारे त्याचेच शेजारी होते. घासलेट, साखर, कापड, इमारती लाकूड यांचे दर त्याच्या कारकिर्दीत बदलले का, ते आधीच्या तीन आणि नंतरच्या तीन वर्षांच्या अंदाजपत्रकांशी ताडून पाहा. त्याच्या स्वतःच्या मालाचा दर वेगळ्या ओळीत काढा. परताव्याचे नियमही पाहा. गावात आलेला माल बाहेर पाठवला तर भरलेली जकात परत मिळे आणि त्याची मुदत, पुरावा, नाक्यावरची तपासणी यांवरून व्यापाऱ्यांचे आणि पालिकेचे कायम भांडण असे. स्वतः पेढीवर बसलेल्या अध्यक्षाने तिथे कोणाची बाजू घेतली, यावरून माणूस कळतो. अंदाजपत्रक पाहताना नुसती जमेची बाजू घेऊ नका. शाळा, दवाखाना, सफाई, दिवाबत्ती यांचा खर्च एकूण खर्चाच्या किती हिस्सा होता, ते दरवर्षी काढा. रक्कम वाढलेली दिसते, पण महागाईने सगळेच वाढलेले असते. हिस्सा पाहिला की खरे कळते.

'गावाला पाणी आणले'

हे वाक्य प्रत्येक चरित्रात असते आणि बहुतेक वेळा अर्धेच खरे असते. नळयोजना एका कारकिर्दीत क्वचितच होते. मागणीचा ठराव, पाहणी, आराखडा, सरकारी मंजुरी, कर्ज, पाणीपट्टीचा ठराव, निविदा, काम, चाचणी आणि मग उद्घाटन, असा तो दहा पायऱ्यांचा प्रवास असतो. प्रत्येक पायरीसमोर तारीख आणि त्या दिवशी अध्यक्ष कोण होता ते लिहा. तुमच्या माणसाच्या वाट्याला दोनच पायऱ्या येतील. तशाने त्याचे मोल कमी होत नाही. त्यातली एखादी पाणीपट्टीची असेल, तर दहा वर्षांनी ज्याने नळ सोडला त्याच्यापेक्षा मोठे धैर्य त्याने दाखवले असेल, कारण पट्टी लावणारा पुढची निवडणूक हरतो आणि नळ सोडणारा जिंकतो. लिहिताना क्रियापद नेमके निवडा : 'मागणी केली', 'ठराव मांडला', 'मंजुरी मिळवली', 'कर्ज घेतले', 'उद्घाटन केले'. 'आणले' हे क्रियापद यांपैकी कशाच्याच बदली वापरू नका.

कोनशिलेवर भरवसा ठेवताना हेच लक्षात ठेवा. तिच्यावर पाहुण्याचे नाव मोठे आणि ठराव करणाऱ्याचे लहान असते, किंवा नसतेच. अक्षरे पुसट असतील तर सकाळी किंवा संध्याकाळी तिरपे ऊन पडते तेव्हा फोटो घ्या. अक्षरांत सावली भरते आणि वाचता येते. दगडावर चुना, खडू किंवा तेल लावू नका. रंगरंगोटीत नव्याने रंगवलेल्या अक्षरांत आकडे बदललेले असतात, विशेषतः १ आणि ९, म्हणून कोनशिलेची तारीख प्रोसीडिंगशी जुळवूनच घ्या.

आमदारकी

निवडणुकीचे आकडे भारत निवडणूक आयोगाच्या सांख्यिकी अहवालांत पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीपासून मिळतात : मतदार, मतदान, प्रत्येक उमेदवाराची मते. सांभाळायच्या दोन गोष्टी. १९५२ आणि १९५७ साली काही मतदारसंघ दोन सदस्यांचे होते आणि तिथे मतदाराला दोन मते होती. त्या मतांची टक्केवारी एक सदस्य असलेल्या जागेशी ताडली तर निष्कर्ष उलटा येतो. आणि मतदारसंघाचे नाव तेच राहून गावे बदललेली असतात, तेव्हा पुनर्रचनेचा आदेश पाहिल्याशिवाय 'मताधिक्य वाढले' असे म्हणू नका. १९५२ पूर्वीच्या निवडणुकांत कर भरणारे, मालमत्ता असलेले, शिकलेले अशा मोजक्यांनाच मत होते. १९२३ चा विजय आणि १९६२ चा विजय एका तराजूत घालता येत नाहीत. २००३ नंतरच्या उमेदवारासाठी मात्र उमेदवारी अर्जासोबतचे शपथपत्र हा मोठा ठेवा आहे : मालमत्ता, कर्ज, गुन्हे, शिक्षण. दोन-तीन निवडणुकांची शपथपत्रे शेजारी ठेवून पेढीचे काय झाले ते पाहा.

सभागृहातले काम विधिमंडळाच्या छापील कार्यवाहीत सापडते. विधानमंडळाचे ग्रंथालय मुंबईत आहे, अभ्यासकाने आधी पत्र पाठवून परवानगी घ्यावी. खंडाच्या शेवटची नामसूची पाहून सुरुवात करा. प्रत्येक नोंदीचा प्रकार लिहा : तारांकित प्रश्न (सभागृहात तोंडी उत्तराचा), अतारांकित प्रश्न (लेखी उत्तराचा), लक्षवेधी सूचना, अर्ध्या तासाची चर्चा, कपात सूचना (अंदाजपत्रकातली रक्कम कमी करण्याची सूचना), भाषण. नुसती संख्या मोजून 'अभ्यासू आमदार' म्हणू नका. प्रश्न मतदारसंघाचा होता, व्यापाराचा होता की राज्याच्या धोरणाचा, अशी तिहेरी वर्गवारी करा. विक्रीकर, बाजार समित्यांचा कायदा, धान्याची लेव्ही (सरकारची सक्तीची खरेदी), जकातीची पुनर्रचना हे विषय निघाले तेव्हा पेठेतून आलेला आमदार काय बोलला आणि कसे मत दिले, ते पूर्ण वाचा. १९६३ च्या कृषी उत्पन्न बाजार कायद्याने आडत्याच्या पेढीवर थेट परिणाम झाला. त्या वर्षांत सभागृहात असलेल्या व्यापाऱ्याचे मौनही नोंद करण्यासारखे आहे. मंत्र्याने उत्तरात दिलेले आश्वासन पुढे पुरे झाले का, यासाठी आश्वासन समितीचे अहवाल आहेत. तिथे गावचा रस्ता किंवा दवाखाना सापडला तर पालिकेच्या रकान्यातल्या ठरावाशी त्याची रेघ जोडा. या जोडरेघा जितक्या जास्त, तितका तो आमदार आपल्या गावाला धरून राहिला असे म्हणता येते.

नुसत्या भाषणांवरून माणूस मोठा करू नका. बरेचसे काम समितीत आणि मंत्र्याच्या दालनात होते, त्याचा माग पत्रव्यवहारात लागतो. घरी आलेली सरकारी पत्रे, जावक नोंदवही, कार्यकर्त्यांकडची पोस्टकार्डे मागा.

घरची आणि पेठेतली माणसे

मुलाखत कागद पाहून झाल्यावर घ्या, आधी नको. आधी घेतली की प्रश्न 'ते कसे होते?' एवढाच उरतो आणि उत्तर 'देवमाणूस' एवढेच मिळते. पाने हातात असली की विचारता येते : 'या वर्षी दुकानाचे अर्धे गाळे भाड्याने गेले, का?' साल विचारू नका, खूण विचारा : पूर आला त्याच्या आधी की नंतर, थोरलीचे लग्न झाले होते का. फोटो समोर ठेवा आणि मागे उभ्या असलेल्यांची नावे विचारा. दुकानातल्या दिवाणजींच्या किंवा हमालांच्या घरी जरूर जा. पेढीवरचे दिवसभराचे बोलणे त्यांच्या कानावर गेलेले असते आणि त्यांना कोणी विचारलेले नसते. विरोधी गटातल्या घरीही जा. बोलणाऱ्याची परवानगी ध्वनिमुद्रणात सुरुवातीलाच घ्या. हयात माणसांचे आजार, घरगुती वाद, देणी-घेणी छापू नका.

दानधर्माची बाजू धर्मादाय आयुक्तांच्या कार्यालयात मिळते. १९५० च्या कायद्याखाली नोंदलेल्या न्यासाच्या परिशिष्टात विश्वस्त आणि मालमत्ता यांची नोंद असते. 'शाळेला जागा दिली' हे बक्षीसपत्राने दिली, भाड्याने दिली की विकली, ते दुय्यम निबंधकाच्या सूचीत आणि नगर भूमापनाच्या मालमत्ता पत्रकात पाहा. रावसाहेब, रावबहादुर, खानबहादुर या पदव्या सरकारी राजपत्रात जाहीर होत. ती तारीख मिळाली की पदवीआधी काय घडले होते, हे तक्त्यात आपोआप समोर येते.

लिहायला बसताना

तक्ता भरला की त्यात तीन-चार जागा अशा दिसतील जिथे तिन्ही रकाने एकाच वर्षी भरलेले आहेत. लेख तिथून सुरू करा. जन्मापासून सुरुवात केली की पहिली चार पाने घराण्यातच जातात. एका वर्षाचे प्रकरण नीट मांडा : पेढीत काय चालले होते, सभेत काय ठरले, मुंबईत किंवा नागपुरात काय बोलले गेले. जन्म, शिक्षण, घराणे मागाहून दोन परिच्छेदांत येऊ द्या. 'दानशूर', 'कर्मयोगी', 'विकासपुरुष' असे शब्द आले की त्यांच्या जागी आकडा किंवा तारीख घाला. आकडा नसेल तर शब्दही काढा.

हरलेल्या निवडणुका, नामंजूर ठराव, बुडालेली पेढी गाळू नका. व्यापार सांभाळून पालिका आणि पालिका सांभाळून विधिमंडळ करताना पेढीची पडझड झालेली पुष्कळ दिसते, आणि ती घरच्यांना लपवावीशी वाटते. त्यांना खतावणीचे पान दाखवून आधी बोला. कागद समोर असला की बहुतेक वेळा तेच अधिक सांगतात.

छापण्याआधी मजकूर तिघांना वाचायला द्या : घरातल्या एकाला, विरोधी गटाच्या घरातल्या एकाला आणि पालिकेत काम केलेल्या एका निवृत्त लिपिकाला. लिपिकाच्या दुरुस्त्या सर्वांत उपयोगी पडतात, कारण ठराव क्रमांक आणि विभागांची नावे त्याला पाठ असतात. पडताळलेला तक्ता, मोडीची लिप्यंतरे आणि फोटो यांची एक प्रत गावच्या वाचनालयात, एक पालिकेत आणि एक घरच्यांकडे ठेवा. फायलींना नाव देताना साल आधी घाला, मग महिना, मग कागदाचा प्रकार : '१९२२-१०-रोजकीर्द-पान-१४'. शेवटी एक कोरे पान 'दुरुस्त्या' म्हणून जोडा. वाचनालयात येणारी माणसे त्यावर तारखा आणि नावे लिहीत जातात, आणि दुसऱ्या आवृत्तीचे काम तिथूनच सुरू होते.